पहिल्या दोन दिवसांचा कागद

(कंधार येथील स्मृतिव्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा लिखित मजकूर)



एखादा आरोपी अपिलात सुटला की गावच्या पारावर काय बोललं जातं, ते तुम्ही जाणता. ‘वरच्या कोर्टात मोठा वकील लावला, पैसा ओतला, सुटला.’ खालच्या कोर्टानं दिलेली शिक्षा खरी आणि वरच्या कोर्टानं केलेली सुटका म्हणजे काहीतरी करामत, अशी आपल्या मनाची ठाम समजूत असते. आज मी ज्या सहा माणसांबद्दल बोलणार आहे, त्यांच्याकडे पैसा नव्हता, ओळखी नव्हत्या आणि गावात पक्कं घरही नव्हतं. ती भटक्या जमातीतली मजूर माणसं होती. त्यांचं नातं आपल्याच मराठवाड्याशी, जालना जिल्ह्यातल्या भोकरदनशी होतं. या सहाही जणांना देशाच्या सर्वोच्च न्यायालयानं फाशी सुनावली होती. पुढं त्याच न्यायालयानं ‘तुमचा गुन्हा शाबीत झालेला नाही’ असं म्हणून त्यांना सोडलं. या दोन निकालांमध्ये दहा वर्षं गेली, आणि अटकेपासून मोजली तर सोळा.

खटल्याचं नाव ‘अंकुश मारुती शिंदे विरुद्ध महाराष्ट्र राज्य’.

५ जून २००३ ची रात्र. नाशिककडच्या एका पेरूच्या बागेत एक कुटुंब झोपडी करून राहत होतं. रात्री टोळी आली. त्यांनी पैसे आणि दागिने लुटले, सगळ्यांना बेदम मारलं. घरातला कर्ता पुरुष, दोन मुलं, कोवळ्या वयाची मुलगी आणि मुक्कामाला आलेला पाहुणा, अशा पाच जणांचा जीव गेला. मुलीवर मारण्याआधी अत्याचार झाला. घरातली आई आणि एक मुलगा मेले असं समजून टोळी निघून गेली, म्हणून ते दोघे वाचले. त्या माऊलीचं दुःख आधी मनात ठेवा. पुढं मी जे काही सांगणार आहे ते तिच्या विरोधात नाही. माझ्या मते या खटल्यात आरोपींइतकाच तिच्यावरही अन्याय झाला, आणि तो कसा झाला ते मी सांगणार आहे.

महिना संपायच्या आत पोलिसांनी भोकरदनकडच्या एका दुसऱ्या गुन्ह्याच्या तपासातून हे सहा जण पकडले. ओळखपरेड झाली. वाचलेल्या मुलानं आरोपी ओळखले. पुढं आईनं न्यायालयात बोट दाखवलं. डोळ्यांदेखत पोटची लेकरं गमावलेली बाई साक्षीच्या पिंजऱ्यात उभी राहून ‘हेच ते’ म्हणते, तेव्हा सभागृहात कुणाच्या मनात शंका उरेल? नाशिकच्या सत्र न्यायालयानं जून २००६ मध्ये सहाही जणांना फाशी दिली. मार्च २००७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं तिघांची फाशी कायम केली आणि तिघांना जन्मठेप दिली. दोन्ही बाजू दिल्लीला गेल्या. ३० एप्रिल २००९ रोजी सर्वोच्च न्यायालयानं आरोपींची अपिलं फेटाळली आणि सरकारचं अपील मंजूर केलं. म्हणजे ज्या तिघांची फाशी उच्च न्यायालयानं टाळली होती, त्यांच्याही गळ्यात दोर परत पडला.

आता त्या फायलीतला एक कागद पाहा. घटनेनंतर दोनच दिवसांनी, ७ जून २००३ रोजी, विशेष कार्यकारी दंडाधिकाऱ्यांसमोर त्या आईनं पोलिसांच्या अल्बममधले फोटो पाहिले आणि चार माणसं ओळखली. पोलिसांच्या दप्तरी ज्यांची नोंद आहे अशी, नावानिशी सापडू शकणारी चार माणसं. त्या चौघांत हे सहा जण नव्हते.

त्या चौघांचं पुढं काय झालं? त्यांना अटक नाही. त्यांची चौकशी नाही. ते नाहीतच हे सिद्ध करणारा तपासही नाही. रक्त वाळायच्या आत, आठवण ताजी असताना त्या बाईनं जे सांगितलं ते बाजूला पडलं. पुढं भरकोर्टात, वर्षं उलटून गेल्यावर, आरोपी म्हणून समोर बसवलेल्या माणसांकडे तिनं बोट केलं आणि ते खरं मानलं गेलं. मुलाच्या आधीच्या जबाबात आणि न्यायालयातल्या साक्षीतही महत्त्वाच्या जागी मेळ बसत नव्हता.

५ मार्च २०१९ रोजी न्यायमूर्ती सिक्री, न्यायमूर्ती अब्दुल नझीर आणि न्यायमूर्ती शाह यांच्या पीठानं निकाल दिला. या साक्षींवर शिक्षा उभी राहू शकत नाही, तपासात गंभीर त्रुटी आहेत, आरोपी भटक्या जमातीतले अत्यंत गरीब मजूर असल्यामुळं त्यांना खोटं गोवलं गेल्याची शक्यता नाकारता येत नाही, असं त्यांनी नोंदवलं. सहाही जण निर्दोष सुटले. राज्य सरकारनं प्रत्येकाला पाच लाख रुपये द्यावेत, चुकार तपास अधिकारी शोधून त्यांच्यावर खात्यामार्फत कारवाई करावी, आणि आईनं ओळखलेल्या त्या चौघांबाबत पुढचा तपास करावा, असंही न्यायालयानं सांगितलं. पेरूच्या बागेतल्या त्या रात्रीनंतर जवळजवळ सोळा वर्षांनी.

मला या खटल्यात सगळ्यात जास्त काय टोचतं ते सांगतो. २०१९ मध्ये एकही नवा पुरावा आला नव्हता. एखादा खरा गुन्हेगार कबूल झाला, प्रयोगशाळेतून नवा अहवाल आला, असं काही घडलं नाही. सुटका ज्या कागदावर झाली तो कागद पहिल्या आठवड्यातला. तो सत्र न्यायालयासमोर होता, उच्च न्यायालयासमोर होता, २००९ च्या सर्वोच्च न्यायालयासमोरही होता. तीन न्यायालयांतली विद्वान माणसं त्यावरून पुढं गेली. चौथ्या वाचनात कुणीतरी तिथं थांबलं.

असं का व्हावं? मला वाटतं, गुन्हा जितका भयानक तितकी चर्चा शिक्षेकडे लवकर वळते. या खटल्यात दहा वर्षं वाद चालला तो बहुतांशी फाशी की जन्मठेप यावर. २००९ च्या निकालानंतर दोन आठवड्यांच्या आत सर्वोच्च न्यायालयाच्याच दुसऱ्या पीठानं संतोष बरियार खटल्यात सांगितलं की, फाशी देताना फक्त गुन्हा पाहून चालत नाही, गुन्हेगाराची परिस्थितीही पाहावी लागते, आणि याउलट सांगणारा जुना निवाडा पाळण्याजोगा नाही. अंकुश शिंदे खटल्यातली फाशी त्याच जुन्या निवाड्याच्या आधारानं दिलेली होती. २०१२ मध्ये चौदा निवृत्त न्यायाधीशांनी राष्ट्रपतींना पत्र लिहून अशा चुकीच्या आधारावर फाशी झालेल्या कैद्यांचा प्रश्न मांडला. त्या कैद्यांत या खटल्यातले आरोपीही होते. सहांपैकी एक जण घटनेच्या वेळी अल्पवयीन होता, हेही नंतरच समोर आलं. त्या न्यायाधीशांबद्दल मला नितांत आदर आहे. पण पाहा, त्यांचीही विनंती फाशी रद्द करून जन्मठेप द्या एवढीच होती. ‘यांनी हे केलं का?’ हा पहिला प्रश्न सगळ्यांच्या दृष्टीनं केव्हाच मिटला होता. २०१४ मध्ये फाशीच्या प्रकरणांतले पुनर्विलोकन अर्ज न्यायाधीशांच्या दालनात न निकालात काढता खुल्या न्यायालयात ऐकायचे, असा निर्णय झाला नसता, तर या सहा जणांसाठी दार पुन्हा उघडलंही नसतं. ऑक्टोबर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं आपला २००९ चा निकाल मागं घेतला आणि अपिलं नव्यानं ऐकायला घेतली.

इथं अपील म्हणजे नेमकं काय, हे थोडं सांगतो. पुष्कळांना वाटतं की वरच्या कोर्टात साक्षीदार पुन्हा येतात, पुन्हा उलटतपास होतो. तसं होत नाही. कंधारला किंवा नांदेडला खटला चालतो तेव्हा जे लिहून घेतलं जातं, त्याचं पेपरबुक तयार होतं आणि ते वर जातं. वरचे न्यायाधीश साक्षीदाराचा चेहरा पाहत नाहीत, फक्त त्याचे शब्द वाचतात. आपल्या आजोबांच्या काळात हे कागद हैदराबादला जायचे आणि उर्दूत वाचले जायचे. १९५६ नंतर ते मुंबईला जाऊ लागले. २७ ऑगस्ट १९८१ ला औरंगाबादला खंडपीठ बसलं. त्यासाठी मराठवाड्यातल्या वकिलांनी आणि सामान्य लोकांनी किती वर्षं लढा दिला, हे इथल्या ज्येष्ठांना वेगळं सांगायला नको. नंतर त्या खंडपीठालाही आव्हान दिलं गेलं, आणि १९८२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ते कायम ठेवलं. कंधारच्या शेतकऱ्याला मुंबईची रात्रीची गाडी चुकली, वकिलाच्या फीला पैसे जमले नाहीत, म्हणून अपील राहून गेलं, असं आता होऊ नये हा त्या लढ्याचा अर्थ होता. खंडपीठ जवळ आलं खरं, पण कागद लिहिला जातो तो अजूनही पोलीस ठाण्यात आणि तालुक्याच्या न्यायालयात. तिथं जे लिहिलं गेलं नाही, ते दिल्लीपर्यंत कुणाला दिसत नाही. आणि जे नीट लिहिलं गेलं, ते सोळा वर्षांनीसुद्धा माणसाला वाचवू शकतं. ७ जूनचा तो कागद त्या दंडाधिकाऱ्यानं लिहिलाच नसता तर? मी अनेकदा या प्रश्नापाशी थांबतो.

आता त्या आईच्या साक्षीकडे वळू. ती खोटं बोलली का? मला तसं मुळीच वाटत नाही. आठवण कशी बदलते, हे ज्यांनी उलटतपास घेतले आहेत त्यांना ठाऊक आहे. माणूस प्रसंग एकदा पाहतो आणि मग दहा वेळा सांगतो. पोलिसांना सांगतो, नातेवाइकांना सांगतो, पत्रकारांना सांगतो, सरकारी वकिलाला सांगतो. दर वेळी आठवण थोडी पुसट होते आणि खात्री थोडी वाढते. न्यायालयात उभं राहतो तोवर आठवण क्षीण झालेली असते आणि खात्री मात्र कळसाला पोहोचलेली असते. ऐकणाऱ्याला फक्त खात्री दिसते.

इंग्लंडमध्ये एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी अ‍ॅडॉल्फ बेक नावाचा एक नॉर्वेतून आलेला माणूस होता. श्रीमंत उमराव असल्याचं भासवून बायकांचे दागिने लुबाडणारा ठग हाच, असं अनेक महिलांनी शपथेवर सांगितलं. १८९६ मध्ये त्याला सात वर्षांची शिक्षा झाली. पुढं कारागृहाच्या नोंदींवरून दिसून आलं की खऱ्या ठगाच्या शरीरावरची खूण बेकच्या अंगावर नाही. तरी शिक्षा हटली नाही, फक्त त्याचा कैदी क्रमांक बदलला! १९०४ मध्ये तो पुन्हा तशाच आरोपाखाली पकडला गेला, पुन्हा महिलांनी ओळखला, पुन्हा दोषी ठरला. त्याला शिक्षा सुनावायची बाकी असतानाच खरा ठग पकडला गेला. या प्रकरणानं तिथल्या लोकमताला इतका हादरा बसला की १९०७ मध्ये इंग्लंडला कायद्यानं फौजदारी अपील न्यायालय स्थापन करावं लागलं. एका चुकीच्या ओळखीतून एक अख्खं न्यायालय जन्माला आलं. अमेरिकेत डीएनए चाचणीतून निर्दोष ठरलेल्या कैद्यांपैकी बहुतेकांच्या खटल्यांत चुकीची ओळख हे एक मुख्य कारण निघालं.

म्हणूनच ओळखपरेडीचे नियम एवढे काटेकोर आहेत. मुंबई उच्च न्यायालयाच्या फौजदारी मॅन्युअलनुसार परेड पोलिसांनी घ्यायची नसते. कार्यकारी दंडाधिकाऱ्यानं, म्हणजे आपल्याकडे बहुधा नायब तहसीलदारांनी घ्यायची असते. एका संशयितासोबत तशाच वयाची, उंचीची, दिसण्याची निदान सहा माणसं उभी करायची. दोन प्रतिष्ठित पंच हवेत. पोलीस त्या खोलीत नकोत. साक्षीदाराला आरोपी आधी ठाण्यात, व्हरांड्यात किंवा वर्तमानपत्रात दिसलेला नसावा. तहसील कार्यालयातल्या मित्रांना मी हात जोडून सांगतो, ही परेड म्हणजे महसुलाच्या कामांमधलं अर्ध्या तासाचं एक काम नव्हे. तुम्ही भरलेल्या त्या चार पानांवर कुणाचा तरी जीव टांगलेला असतो.

२१ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयानं लोकल गाड्यांतल्या बॉम्बस्फोटांच्या खटल्यात बाराही आरोपींना सोडलं, तेव्हा आपल्याकडे मोठा संताप झाला. ११ जुलै २००६ च्या त्या संध्याकाळी १८९ लोक मरण पावले होते. संताप होणं साहजिक आहे. पण निकाल काय सांगतो तेही पाहा. काही टॅक्सीचालकांनी आरोपी ओळखले ते शंभराहून अधिक दिवस उलटल्यावर, आणि इतक्या दिवसांनी ते चेहरे लक्षात राहण्याचं काही खास कारण दाखवलं गेलं नव्हतं. ओळखपरेड घेणाऱ्या अधिकाऱ्याला ती घेण्याचा अधिकारच नव्हता, असं न्यायालयाला आढळलं. कबुलीजबाबांवर विश्वास ठेवण्याजोगी परिस्थिती नव्हती. यानंतर तीनच दिवसांनी सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की हा निकाल इतर खटल्यांत दाखला म्हणून वापरू नये. सुटलेल्यांना मात्र परत तुरुंगात पाठवलं नाही. ते अपील अजून बाकी आहे, त्यामुळं त्यावर मी अधिक बोलत नाही. एवढंच म्हणतो की आपला संताप नीट न केलेल्या ओळखपरेडीकडेही वळायला हवा. त्या परेडी नीट झाल्या असत्या, तर १८९ कुटुंबांना एकोणीस वर्षांनी ‘मग कुणी केलं?’ हा प्रश्न पडला नसता.

आता एक गोष्ट ज्यावर मला जरा थांबून बोलायचं आहे. भोकरदनचे ते सहा जण भटक्या जमातीचे होते, हे न्यायालयानं निकालात नोंदवलं ते उगीच नव्हे. १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा आपल्या देशानं १९५२ मध्ये रद्द केला. ३१ ऑगस्ट हा विमुक्त दिन आपण पाळतो. पण कायदा पुस्तकातून गेला तरी तपासाच्या सवयीतून तो गेला का? आपल्याच लातूर जिल्ह्यातल्या धनेगावच्या लक्ष्मण गायकवाड यांचं ‘उचल्या’ हे आत्मकथन १९८७ मध्ये आलं आणि १९८८ मध्ये त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. गुन्हा कुठंही होवो, पोलिसांची गाडी कोणत्या वस्तीकडे वळते हे त्या पुस्तकामुळं पहिल्यांदा पांढरपेशा मराठी वाचकाच्या घरात पोहोचलं. तपास अंमलदारावर दबाव असतो, तो मला मान्य आहे. पाच खून झालेत, वर्तमानपत्रं रोज विचारताहेत, वरिष्ठ फोन करताहेत, आमदार येऊन गेलेत. अशा वेळी ज्यांच्यासाठी कुणी मोर्चा काढणार नाही अशी माणसं हाताशी सापडली की तपास तिथं थांबतो. आरोपीची गरिबी तपास थांबवण्याची जागा ठरते. आणि एकदा तपास थांबला की पुढचं सगळं त्या थांबलेल्या जागेला जुळवून घेतलं जातं: कपडे जप्त होतात, कोयता सापडतो, ओळखपरेड होते.

काळजी म्हणून कायद्यानं पोलिसांसमोरची कबुली पुराव्यात घ्यायला मनाई केली आहे. जुन्या पुरावा कायद्यात ते २५ वं कलम होतं. नव्या भारतीय साक्ष अधिनियमात ते २३ व्या कलमात आलं आहे. पण त्यातच एक फट आहे. आरोपीनं सांगितल्यावरून एखादी वस्तू सापडली, तर त्यापुरता भाग ग्राह्य धरता येतो. म्हणून तुम्ही कोणतंही दोषारोपपत्र उघडा, त्यात मेमोरंडम पंचनामा असतोच: ‘मी काठी अमुक ठिकाणी लपवली आहे, ती काढून देतो.’ काठी सापडते. पंचांच्या सह्या असतात. ते पंच कोण होते, याकडे मी शेवटी येणार आहे.

साक्षीदार नसलेल्या, केवळ परिस्थितिजन्य पुराव्यावर चालणाऱ्या खटल्यांचा पायाही आपल्याच मुलखातून घातला गेला आहे. १९८२ च्या जूनमध्ये पुण्यात एक नवविवाहिता विषबाधेनं मरण पावली. माहेर बीडचं. तिनं बीडला बहिणीला आणि मैत्रिणीला लिहिलेली पत्रं या खटल्यात मुख्य पुरावा ठरली. नवऱ्याला पुण्याच्या न्यायालयानं फाशी दिली, उच्च न्यायालयानं ती कायम केली. १७ जुलै १९८४ रोजी सर्वोच्च न्यायालयानं ‘शरद बिरधीचंद सारडा’ खटल्यात त्याला सोडलं, आणि न्यायमूर्ती फझल अली यांनी पाच कसोट्या लिहिल्या. त्यांना त्यांनी स्वतःच पंचशील म्हटलं. प्रत्येक परिस्थिती पूर्णपणे शाबीत झालेली हवी. सगळ्या मिळून आरोपीच्या अपराधाकडेच बोट दाखवणाऱ्या हव्यात. त्या निर्णायक स्वरूपाच्या हव्यात. दुसरी कोणतीही शक्यता शिल्लक राहता कामा नये. आणि साखळी इतकी सलग हवी की आरोपीच्या निर्दोषपणाला वाजवी जागाच उरू नये. त्या खटल्यात आत्महत्येची शक्यता पुराव्यांनी पुसली गेली नव्हती. आरोपी खोटं बोलला असेल तरी त्या खोट्यानं तुटलेली साखळी जोडता येत नाही, असंही तिथंच सांगितलं गेलं. आज कन्याकुमारीपासून काश्मीरपर्यंत कोणत्याही सत्र न्यायालयात खुनाचा खटला चालतो तेव्हा या निकालाचं नाव घेतलं जातं.

पण मग, कुणीतरी विचारेल, असं प्रत्येकाला संशयाचा फायदा देत राहिलं तर गुन्हेगार मोकळे फिरणार नाहीत का? हा प्रश्न मी हलका मानत नाही. १९७३ च्या शिवाजी साहबराव बोबडे खटल्यात, तोही महाराष्ट्राचाच, न्यायमूर्ती कृष्णा अय्यर यांनी ‘केलं असेल’ आणि ‘केलंच असलं पाहिजे’ यांत लांबचं अंतर आहे असं सांगितलं, आणि त्याच निकालात हेही बजावलं की ओढूनताणून काढलेल्या प्रत्येक शंकेपोटी आरोपी सोडत राहिलं तर लोकांचा कायद्यावरचा विश्वास उडेल. त्या खटल्यात त्यांनी शिक्षा कायमच केली होती. तेव्हा तराजू दोन्ही बाजूंनी धरायचा आहे. फक्त ध्यानात ठेवा, अंकुश शिंदे खटल्यात सहा निर्दोष माणसं आत होती तितकी वर्षं पाच खून करणारे बाहेर होते. चुकीची शिक्षा झाली की फाइल बंद होते, आणि फाइल बंद झाली की खरा गुन्हेगार निर्धास्त होतो. म्हणून मी म्हटलं की अन्याय त्या आईवरही झाला. तिनं दोनच दिवसांनी ज्यांना ओळखलं होतं, त्यांचा दरवाजा कुणी ठोठावलाच नाही.

सुटल्यानंतरचं आयुष्य हा एक वेगळाच विषय आहे. पाच लाख रुपये मिळाले ते न्यायालयानं या एका खटल्यापुरतं सांगितलं म्हणून. चुकीनं शिक्षा भोगलेल्या माणसाला भरपाई मिळण्याचा ठाम कायदा आपल्याकडे नाही. आपल्या देशानं १९७९ मध्ये आंतरराष्ट्रीय नागरी हक्कांचा करार स्वीकारताना बेकायदा अटकेच्या भरपाईच्या तरतुदीपुरतं वेगळं निवेदन देऊन ठेवलं. केंद्रीय विधी आयोगानं ऑगस्ट २०१८ मध्ये आपल्या २७७ व्या अहवालात चुकीच्या खटल्यांसाठी विशेष न्यायालयं आणि पैशाच्या भरपाईखेरीज समुपदेशन, रोजगार कौशल्य यांचीही शिफारस केली. तो अहवाल कायद्याच्या रूपात आलेला नाही. ऐन पंचविशी-तिशीतला मजूर चाळिशी ओलांडून बाहेर येतो. आई-बाप गेलेले असतात, लेकरं न ओळखण्याइतकी मोठी झालेली असतात. त्याच्या हातात निकालाची प्रत असते आणि कुणी कामाला ठेवत नाही. हा कायदा व्हावा म्हणून वकील संघांनी ठराव करून पाठवले पाहिजेत. कंधारच्या संघानंही करावा, अशी माझी आग्रहाची विनंती आहे.

१ जुलै २०२४ पासून नवे फौजदारी कायदे आले. झडती आणि जप्तीचं चित्रीकरण आता सक्तीचं आहे. सात वर्षं किंवा अधिक शिक्षेच्या गुन्ह्यात न्यायवैद्यक तज्ज्ञांनी घटनास्थळी जाणंही कायद्यात आलं आहे. ही चांगली गोष्ट आहे. पण कॅमेरा चालू झाल्यापासून पुढचंच तो दाखवतो. खड्ड्यातून काठी निघताना दिसेल. ती तिथं कुणी पुरली ते कॅमेऱ्याला माहीत नसतं. ते माहीत असू शकतं पंचाला.

म्हणून आता पंचांकडे येतो. मघापासून न्यायमूर्ती, दंडाधिकारी, तपास अंमलदार यांच्याबद्दल बोललो. पण मला वाटतं, या सभागृहातल्या बहुतेकांचा न्यायाशी थेट संबंध येतो तो पंच म्हणूनच. शेतातून घरी येताना पोलीस हाक मारतात, ‘जरा सही करा’. पाटलांनी सांगितलं म्हणून, ओळखीचा जमादार आहे म्हणून, उद्या आपल्यालाही ठाण्याचं काम पडेल म्हणून आपण सही करतो. कागद वाचत नाही. कधी तो पुढं भरायचा असतो. पाच वर्षांनी समन्स येतं. त्या दिवशी कोर्टात आपण दोनपैकी एक करतो: न पाहिलेलं पाहिलं म्हणून सांगतो, किंवा ‘मला काही आठवत नाही’ म्हणून फितूर होतो. एकदा निर्दोष माणूस आत जातो, एकदा खरा गुन्हेगार सुटतो. दोन्ही वेळा सुरुवात त्या एका न वाचलेल्या सहीपासून झालेली असते.

म्हणून पुढच्या वेळी हाक आली तर जा, नकार देऊ नका. पंच मिळत नाहीत म्हणूनच नेहमीचे चार ठरलेले पंच ठाण्याबाहेर बसलेले असतात. पण तिथं गेल्यावर वस्तू तुमच्या डोळ्यांदेखत निघाली का ते पाहा. ती तुमच्यासमोर कागदात गुंडाळून, लाखेचं सील लावून, त्यावर तुमच्या सहीची चिठ्ठी चिकटवली का ते पाहा. पंचनामा पूर्ण लिहून होईपर्यंत थांबा. वाचता येत नसेल तर वाचून दाखवायला सांगा. वेळ कोणती लिहिली आहे ते बघा, आणि मोकळी जागा असेल तिथं रेघ मारून मग सही करा. घरी आल्यावर वहीत तारीख, वेळ आणि काय पाहिलं ते दोन ओळींत लिहून ठेवा. ज्या बायका आज इथं आल्या आहेत त्यांनाही मी हेच सांगतो. स्त्री पंच क्वचितच बोलावल्या जातात आणि बलात्काराच्या गुन्ह्यात त्यांची सगळ्यात जास्त गरज असते. आणि कुणाच्या घरातला माणूस कोठडीत गेला, वकील द्यायची ऐपत नसली, तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा. ती आपल्या न्यायालयाच्याच आवारात आहे आणि अर्जाला पैसे लागत नाहीत. हा अर्ज पहिल्या रिमांडच्या दिवशी करा, शिक्षा झाल्यावर नाही. अपिलाचा वकील कितीही हुशार असला तरी पहिल्या दिवशी न विचारलेला प्रश्न त्याला दिल्लीत विचारता येत नाही.

 ज्यांच्या घरी असे प्रश्न आहेत त्यांनी कार्यक्रमानंतर थांबावं. वकील संघातले मित्र आणि मी इथंच आहोत.